जन्मावर शॉर्ट फिल्म करताय? आधी तिथी बघा

लग्नाचे व्हिडिओ काढून माझं घर चालतं. पावसाळ्यात मुहूर्त नसतात, तेव्हा हे प्रयोग. ‘जन्म’ किंवा ‘माणूस आला कुठून’ असा विषय डोक्यात असेल तर बाळंतपण दाखवायच्या फंदात पडू नका. अमेरिकन प्रयोगशील फिल्मकार स्टॅन ब्रॅखेजनं १९५९ मध्येच स्वतःच्या बायकोचं बाळंतपण १६ एमएमवर, एकही आवाज न घालता दाखवून टाकलंय.

त्यापेक्षा जीव पाण्यातून जमिनीवर येताना दाखवा. त्यासाठी आपल्याकडे ठाण्याची खाडी आहे. विटावा-ऐरोलीच्या बाजूला ओहोटीला चिखलावर निवट्या येतात. आहे मासाच, पण ओल्या कातडीतून श्वास घेतो आणि छातीच्या परांवर रेटत पुढे सरकतो. अमावस्या-पौर्णिमेला आपल्याकडे भरती दुपारी बाराच्या आसपास, म्हणजे ओहोटी सकाळ-संध्याकाळ. पाणी लांब गेलेलं आणि ऊन तिरपं, दोन्ही एकदम मिळतं. नेमकी वेळ कोळीवाड्यात विचारा, जमलं तर तिथल्याच कुणाला सोबत न्या. चिखलात उतरू नका, मांडीपर्यंत रुताल. बांधावर पालथं पडायचं, लेन्स जमेल तेवढी खाली, आणि हलायचं नाही. सावली पडली की निवट्या बिळात गेल्याच. डास चावणार, इलाज नाही.

वर ‘हे आपले पूर्वज’ असं निवेदन मात्र नको, ते खोटं आहे. आपली शाखा मांसल परांच्या वेगळ्याच माशांपासूनची, सुमारे ३७ कोटी वर्षांपूर्वीची. मी तर म्हणतो निवेदनच नको.

गर्भाशयाच्या आतला शॉट घरातच होतो. खोलीत अंधार करा, मोबाईलचा टॉर्च बोटांना टेकवा. रक्तामुळे लाल उजेडच तेवढा पार येतो. मॅक्रो लेन्स नसेल तर कॅमेऱ्यासोबत आलेली किट लेन्स उलटी लावा, रिव्हर्स रिंग स्वस्तात मिळते. फोकस सुटला तर सुटू दे.

खरी मेहनत आवाजावर घ्या. पोटातल्या बाळाचे ठोके मिनिटाला ११० ते १६०, आपले ६० ते १००. स्वतःचे ठोके रेकॉर्ड करून वेग दुप्पट करा. मग ठाणे स्टेशनवरचा गोंगाट घ्या आणि ५०० हर्ट्झच्या वरचं सगळं, म्हणजे बारीक, तीक्ष्ण आवाज, कापा. बाहेरचं जग आत असंच, जाड भिंतीपलीकडून बोलल्यासारखं पोचतं.

कुणाची सोनोग्राफी वापरणार असाल तर आधी त्या बाईला विचारा. नवऱ्यानं हो म्हटलं, एवढं पुरत नाही. आणि कोपऱ्यातलं नाव-तारीख क्रॉप करा.