गोलीय काटकोन त्रिकोणात ताळा जुळत नसेल तर: माझा अनुभव

गोलाच्या पृष्ठभागावरील काटकोन त्रिकोणात (इथे बाजूही अंशांत मोजतात) कर्ण ६०° आणि एक कोन १२०° दिला असता त्या कोनासमोरची बाजू ४८.५९° येई, लगतची १३९.११°, आणि दोन्ही बाजूंच्या कोसाइनचा गुणाकार कर्णाच्या कोसाइनइतका, म्हणजे ०.५, होण्याऐवजी -०.५ भरे. दशांश स्थळे वाढवूनही फरक पडला नाही. दोन संध्याकाळी वाया गेल्या.

अखेर काटकोन वगळून गणितज्ञ नेपियरच्या (१६१४) वर्तुळात, म्हणजे त्रिकोणाचे उरलेले पाच भाग क्रमाने मांडायच्या आकृतीत, बाजू जशाच्या तशा, तर कर्ण व कोन ९०° मधून वजा करून लिहिले. मधला म्हणून निवडलेल्या भागाचा साइन म्हणजे समोरच्या, म्हणजे त्याला लागून नसलेल्या, दोन भागांच्या कोसाइनचा गुणाकार, यावरून बाजूचा साइन ०.७५ मिळाला. खरी मेख पुढेच होती: कॅल्क्युलेटर अशा साइनवरून फक्त लघुकोन देतो, पण कोन विशाल असेल तर समोरची बाजूही ९०° हून मोठीच असते. म्हणून १८०° मधून वजाबाकी करून १३१.४१° घेतली, आणि ताळा जुळला.