पापणीवरची पाणगाठ कशी ओळखावी आणि तिचे काय करावे

निपाणी-संकेश्वर भागातील गुऱ्हाळावर काहिलीपाशी, म्हणजे रस उकळण्याच्या मोठ्या कढईपाशी, दिवसभर राबणाऱ्या माणसाच्या डोळ्याखाली मोहरीएवढे, पाणी भरल्यासारखे फोड दिसले, की घरची मंडळी त्यांना रांजणवाडी ठरवून लवंग उगाळायला बसतात. ती घाई करू नये. रांजणवाडी लाल होते, ठणकते आणि बहुधा आठ-दहा दिवसांत ओसरते; हे फोड मात्र दुखत नाहीत आणि महिनोन्‌महिने टिकून राहतात. घामाच्या ग्रंथीची ही साधी गाठ असून डॉक्टर तिला हिड्रोसिस्टोमा म्हणतात.

पहिली परीक्षा उन्हाची आणि वाफेची. काम सुटल्यावर संध्याकाळी आरशात पाहावे, आणि दोन-तीन दिवस आचेपासून दूर राहून पुन्हा पाहावे. फोड तेवढ्यात बारीक झाले असतील, तर ते घामाचेच असण्याचा संभव अधिक. त्वचारोगतज्ज्ञ रॉबिन्सन यांनी १८९३ मध्ये या फोडांचे वर्णन केले, तेही गरम वाफेत कपडे धुणाऱ्या बायकांच्या चेहऱ्यावरून. एरवी ते हिवाळ्यात ओसरतात. पण गुऱ्हाळाचा हंगामच थंडीतला, त्यामुळे काहिलीजवळच्या माणसाला ती सवड मिळत नाही. दुसऱ्या प्रकारची गाठ पापणीच्या कडेला, केसांलगतच्या मोल ग्रंथीतून येते. ती बहुधा एकटीच असते, तिला निळसर झाक असते आणि उन्हाळा-हिवाळ्याने तिच्यात फरक पडत नाही.

सुईने टोचू नये. पाणी निघून गाठ बसते खरी, परंतु आतले अस्तर शाबूत राहिल्याने ती पुन्हा भरते, शिवाय डोळ्याशेजारी जंतुसंसर्गाचा धोका वेगळाच. त्रास नसेल तर ती तशीच राहू द्यावी. नजरेच्या आड येत असेल किंवा खुपत असेल, तर नेत्रतज्ज्ञ जागा बधिर करून अस्तरासकट काढतात. बारीक फोड पुष्कळ असल्यास विजेच्या सुईने किंवा लेसरने जाळतात.

गाठीतून रक्त येणे, खपली धरणे, तेथील पापणीचे केस गळणे, यांपैकी काहीही दिसल्यास मात्र थांबू नये, कारण त्वचेचा एक कर्करोग सुरुवातीला अशाच मोत्यासारख्या गाठीचे रूप घेतो. काढलेली गाठ तपासणीला पाठवण्यास सांगावे. दवाखान्यात डॉक्टर केवळ कानडी बोलणारे असतील, तर पापणीला ‘कण्णिन रेप्पे’ आणि घामाला ‘बेवरु’ म्हणावे; उष्णतेने गाठ वाढते हे एवढ्यावरही समजावता येते.