ग्रीक-रोमन पुराणकथांचा अभ्यास करायचाय? आधी एक शिलालेख वाचा

प्राचीन भूमध्य सागराकाठच्या संस्कृतींचा अभ्यास करायचा आहे, सुरुवात कुठून करू, असं विचारणारी मुलं-मुली मला अधूनमधून लिहितात. बहुतेकांनी ग्रीक देवांच्या गोष्टी लहानपणापासून वाचलेल्या असतात, झ्यूसची वंशावळ तोंडपाठ असते. ते चांगलंच आहे. पण 'पुराणकथा आणि समूहाची ओळख' या विषयात एम.ए. किंवा पुढचं संशोधन करायचं असेल, तर देवांचे कोश काही दिवस बाजूला ठेवा. कोशात कथा सुटी असते. ती कुणी, कधी, कुणापुढे आणि काय पदरात पाडून घेण्यासाठी सांगितली, हे तिथे सहसा सापडत नाही, आणि आपला विषय नेमका तोच आहे.

मी पुण्यात संस्कृत घेऊन बी.ए. केलं आणि प्राचीन इतिहासाच्या एम.ए.साठी इंग्लंडला गेले. तिथे एका शिलालेखाने मला हा विषय खऱ्या अर्थाने उलगडून दाखवला. तोच तुम्हालाही आधी वाचायला सांगते.

आजच्या तुर्कस्तानच्या नैर्ऋत्येला लिशिया नावाचा प्रदेश होता, आणि त्यात झँथोस हे शहर. शहराजवळ लेतो देवीचं मोठं क्षेत्र होतं. तिथल्या फ्रेंच उत्खननात शंभरावर ओळींचा एक ग्रीक लेख मिळाला, तो झां बुस्के यांनी 1988मध्ये प्रसिद्ध केला. काळ साधारण इ.स.पू. 206-205. घडलं ते असं: मध्य ग्रीसमधल्या डोरिस या छोट्या, डोरियन ग्रीकांचं मूळस्थान मानलेल्या मुलखातलं कितिनिऑन गाव भूकंपाने खिळखिळं झालं होतं, त्यात मॅसिडोनियाच्या राजाच्या स्वारीत त्याची वाताहत झाली. तटबंदी पुन्हा बांधायला पैसे नव्हते. म्हणून गावाचे वकील, म्हणजे दूत, समुद्र ओलांडून झँथोसला आले आणि सभेपुढे मदत मागायला उभे राहिले.

मागणी कशाच्या बळावर? नात्याच्या. तुमच्या नगराची अधिष्ठात्री लेतो, तिने अपोलो आणि आर्टेमिसला तुमच्याच भूमीत जन्म दिला. अपोलोपासून कोरोनिसला वैद्यकाचा देव अस्क्लेपिओस झाला, तो आमच्या डोरिसमध्ये. आणि कोरोनिस तर आमच्या मूळपुरुषाच्या, डोरोसच्या वंशातली. म्हणजे आपण एकाच रक्ताचे. अपोलो डिलोस बेटावर जन्मला, ही सर्वत्र मान्य असलेली कथा इथे कुणी काढतच नाही. वकिलांनी यजमानांना मानवेल तोच पाठ निवडला आहे.

झँथोसच्या सभेचं उत्तर मला फार आवडतं. नातं मान्य, तुमच्यावरच्या संकटाचं दुःखही आहे. पण तिजोरी रिकामी आहे, डोक्यावर कर्ज आहे, ठरावाने नऊ वर्षं नागरिकांवर नवी पट्टी बसवता येत नाही, आणि श्रीमंतांनी नुकतीच मोठी वर्गणी दिली आहे. तरीही नात्यातल्या माणसांना रिकाम्या हाताने पाठवणं बरं नाही, म्हणून 500 द्राख्मा (चांदीची ग्रीक नाणी) कर्जाऊ काढून देतो. गावाची तटबंदी उभारायला ही रक्कम अगदीच तुटपुंजी. आणि हा सगळा मजकूर, वंशावळीसकट, दगडावर कोरून देवीच्या क्षेत्रात उभा करायचा, असाही ठराव झाला.

आता विचार करा, पैसे देणाऱ्यालाच हे कोरून ठेवायची एवढी हौस का? झँथोसचे लोक मूळचे लिशियन. त्यांची भाषा वेगळी, लिपी वेगळी, इ.स.पू. चौथ्या शतकातला लिशियन, ग्रीक आणि अरामी अशा तीन भाषांतला लेख याच क्षेत्रात सापडला आहे. अशा शहराकडे खुद्द डोरिसची माणसं येऊन 'तुम्ही आमचे भाऊबंद' म्हणतात. 500 द्राख्मांत झँथोसला ग्रीकपणाचा दाखला मिळाला, असं माझं मत आहे. कथेने दोन्ही बाजूंचं काम केलं, आणि हे काम कसं झालं ते या लेखात ओळीओळीने दिसतं. म्हणून पहिल्या अभ्यासाला याच्याइतका चांगला मजकूर मला दुसरा माहीत नाही.

हा धडा एकदा अंगात मुरला की ठरलेले उतारेही वेगळे दिसू लागतात. ग्रीक इतिहासकार हेरोडोटसचा उतारा प्रत्येक वर्गात येतो: ग्रीक म्हणजे एक रक्त, एक भाषा, सामाईक देवस्थानं व यज्ञ, आणि एकसारखे आचार. विद्यार्थी याला व्याख्या समजून वहीत उतरवून घेतात. पण हे बोलतंय कोण? अथेन्सवाले, स्पार्टाच्या वकिलांपुढे, अथेन्स इराणच्या बादशहाशी तह करील या धास्तीने ते आले असताना. पुढच्याच भागात स्पार्टा सैन्य पाठवायला उशीर करतो, तेव्हा हेच अथेन्सवाले बादशहाला मिळण्याची धमकी देतात. दोन्ही प्रसंग एका बैठकीत वाचा. आणि त्याच्यानंतरचा इतिहासकार थुसिडिडीस याने अथेन्सच्या सिसिलीवरच्या स्वारीत कोण कुणाच्या बाजूने लढलं याची यादी दिली आहे, तीही सोबत ठेवा. तो स्वच्छ सांगतो की बहुतेकांनी बाजू ठरवली ती नात्यावरून नव्हे, सोय किंवा सक्ती पाहून.

अथेन्स आणि रोम यांची जोडीही लावून बघा. अथेन्सचा मूळपुरुष एरिक्थोनिओस जमिनीतून जन्मलेला. म्हणून आम्ही याच मातीचे, बाहेरून आलेले नव्हे, हा त्यांचा अभिमान. इ.स.पू. 451मध्ये पेरिक्लीसने कायदा केला की आई आणि बाप दोघेही अथेन्सचे असतील तरच नागरिकत्व. रोमची तऱ्हा उलटी. इ.स. 48मध्ये गॉलमधल्या (आजच्या फ्रान्समधल्या) सरदारांना सिनेटमध्ये घ्यावं म्हणून सम्राट क्लॉडियसने भाषण केलं. ते ज्या कांस्यपटावर कोरलं होतं तो 1528मध्ये लिऑनला सापडला. त्यात तो रोमच्या जुन्या राजांची यादीच वाचतो: न्यूमा शेजारच्या सॅबाइन लोकांतला, तार्क्विनियसचा बाप ग्रीसमधल्या कॉरिंथचा, सर्व्हियस तुलियस तर काहींच्या मते रोमच्या उत्तरेकडच्या एट्रुस्कन लोकांतला. आपले राजेच बाहेरचे, मग सिनेटर का नकोत? कुलवृत्तांत आणि ग्रामण्याचे (जातीच्या हक्कांचे व बहिष्काराचे) जुने वाद वाचलेल्या मराठी माणसाला हा युक्तिवाद लगेच ओळखीचा वाटेल.

भाषांचं काय, हा प्रश्न हमखास येतो. ग्रीक हवीच, लॅटिन वर्षभराने घेतली तरी चालेल. संस्कृत झालेल्यांना ग्रीकचं व्याकरण परकं वाटत नाही: द्विवचन, विध्यर्थ, आत्मनेपदासारखे प्रयोग, सगळं तिथे आहे. वाचण्यापुरती फ्रेंच आणि जर्मन पहिल्या वर्षापासूनच सुरू करा, पुढे ढकलू नका. झँथोसच्या लेखाचं पहिलं प्रकाशनच फ्रेंचमध्ये आहे. मूळ ग्रंथांसाठी टफ्ट्‌स विद्यापीठाचा पर्सियस हा ग्रंथसंग्रह आणि लेखांसाठी पॅकार्ड संस्थेचा ग्रीक शिलालेखांचा संग्रह, दोन्ही इंटरनेटवर फुकट आहेत.

संधी मिळाली तर लेखाचा ठसा हाताळा. आपल्याकडे ठशाला शाई लावतात. ग्रीक लेखांसाठी जाड ओला कागद दगडावर पसरून ब्रशने ठोकतात आणि तसाच वाळू देतात, शाई नाही. मग कागद खिडकीशी तिरपा धरला की एका बाजूच्या उजेडात अक्षरांच्या कडा उठून दिसतात. शब्दांमध्ये जागा सोडलेली नसते, त्यामुळे प्रत्येक शब्द आपणच तोडायचा असतो. संपादकाने चौकटी कंसात घातलेली अक्षरं दगडावर नाहीत, ती त्याने भरून काढली आहेत, हे तेव्हा नीट कळतं.

ग्रीसला जाणं लांबचं असेल तर कार्ल्याला जा. चैत्यातल्या खांबांवर धेनुकाकट या गावच्या यवन (म्हणजे मुळात ग्रीक) दात्यांचे लेख आहेत. दाते स्वतःला यवन म्हणवतात, पण त्यांची नावं इथली, भाषा प्राकृत, दान बौद्ध संघाला. तिथे उभं राहून ओळखीबद्दलचे सगळे प्रश्न मनात मांडता येतात.

नोकरीचं स्पष्टच सांगते. भारतात या विषयाच्या जागा नाहीत म्हटलं तरी चालेल, आणि परदेशातही स्पर्धा तीव्र आहे. पूर्ण शिष्यवृत्ती असल्याशिवाय पीएच.डी.ला बाहेर जाऊ नका. कर्ज काढून तर नकोच. संग्रहालयं, प्रकाशन, अनुवाद, शाळेत लॅटिन शिकवणं या वाटांची माहिती पहिल्याच वर्षी काढून ठेवा. आणि प्रवेशाच्या अर्जात 'मला ग्रीक पुराणकथांची लहानपणापासून आवड' हे वाक्य लिहू नका. एक लेख, एक नाणं किंवा एक उतारा घ्या, त्यात कोण कुणाला आपलं म्हणतंय आणि का, ते पानभर मांडा. मी झँथोसच्या त्या कर्जाऊ 500 द्राख्मांवर लिहिलं होतं, आणि मुलाखतीत सगळे प्रश्न त्यावरच आले.