कॅम्पसचं वायफाय कनेक्ट कसं करायचं: हॉस्टेलवर नवीन आलेल्या पोट्ट्यांसाठी

ऍडमिशन झाली, हॉस्टेलवर पेटी ठेवली, गादी टाकली की पहिला प्रश्न एकच असतो, वायफायचा पासवर्ड काय आहे बे? मेहकरहून आलेला असो की आर्णी, धारणी, अहेरीहून, सगळे हेच विचारतात. तर पहिले हे डोक्यातून काढा की कॅम्पसच्या वायफायला सगळ्यांचा मिळून एक पासवर्ड असतो. तो घरच्या राऊटरला असतो. इथं बहुतेक ठिकाणी प्रत्येकाचा आयडी वेगळा, पासवर्ड वेगळा, आणि तो तुमच्या नावावर लागलेला असतो.

आता काही जण म्हणतील की मोबाईलवर रोजचा दीड-दोन जीबी आहे ना, कायले एवढी झंझट. एक तर हॉस्टेलच्या जाड भिंतीआड टावर धड पकडत नाही. दुसरं म्हणजे विद्यापीठानं पैसे भरून घेतलेली जर्नल्स, ई-बुक्स अशी बरीचशी सामग्री कॅम्पसचा आयपी, म्हणजे नेटवरचा पत्ता, पाहूनच उघडते. तोच पेपर मोबाईल डेटावर उघडा, लगेच पैसे मागते. प्रोजेक्ट, डिझर्टेशन करणाऱ्याला एवढं एक कारण बस झालं.

पहिले आयडी काढा, फोन नंतर

आयडी देणारं ठिकाण म्हणजे कॉम्प्युटर सेंटर, नाहीतर लायब्ररी. कुठंकुठं डिपार्टमेंटमधूनच फॉर्म मिळतो. जाताना आयकार्ड, फी भरल्याची पावती, दोन्हीची झेरॉक्स आणि एक पासपोर्ट फोटो सोबत ठेवा, एचओडीची सही लागते का ते आधी विचारून घ्या म्हणजे डबल चक्कर होत नाही. जेवणाच्या सुट्टीच्या आधीच पोहोचा, काहून का नंतर साहेब कधी येतील ते साहेबच जाणे.

फॉर्मवर कधी कधी मॅक अ‍ॅड्रेस मागतात. हा फोनच्या किंवा लॅपटॉपच्या वायफाय कार्डाचा नंबर असतो, बारा आकडे-अक्षरांचा. फोनमध्ये सेटिंग, अबाउट फोन, मग स्टेटस इथं सापडतो, विंडोजच्या लॅपटॉपवर कमांड प्रॉम्प्ट उघडून गेटमॅक टाईप करा. इथं एक मोठी गोम आहे. अँड्रॉइड १० पासून आणि आयफोनमध्ये आयओएस १४ पासून फोन आपला खरा नंबर लपवून प्रत्येक नेटवर्कला बनावट नंबर दाखवतो. फॉर्मवर तुम्ही लिहिला खरा, फोन दाखवून रायला दुसराच, मग सिस्टीम तुम्हाला आत कशी घेईल? म्हणून त्या नेटवर्कच्या सेटिंगमध्ये जाऊन प्रायव्हसीच्या खाली रँडमाइज्ड मॅक बदलून डिव्हाइस मॅक करा, काही फोनवर त्याला फोन मॅक म्हणतात. आयफोनवर प्रायव्हेट वाय-फाय अ‍ॅड्रेस बंद करा. हे फक्त कॅम्पसच्या नेटवर्कपुरतंच करा, बाकी ठिकाणी ते चालूच असू द्या, चांगली सोय आहे ती.

मग पहा तुमच्याकडं कोणता प्रकार आहे

पहिला प्रकार लॉगिन पेजवाला. नेटवर्कवर कुलूप दिसत नाही, टच केलं की कनेक्ट होते, पण नेट चालत नाही. फोनवर साइन इनचं नोटिफिकेशन येते, ते दाबा, पेज उघडेल, आयडी-पासवर्ड टाका, झालं. आता हे पेज येतच नाही ही सगळ्यात जास्त ऐकू येणारी तक्रार. त्याचं कारण बहुतेक वेळा आपल्याच फोनमध्ये असते. मोबाईल डेटा चालू असला की फोन म्हणतो या वायफायवर नेट नाही, आणि गुपचूप डेटावर जातो, म्हणून तेवढ्यापुरता डेटा बंद करा. व्हीपीएन असेल तर बंद, आणि प्रायव्हेट डीएनएसमध्ये काही भरून ठेवलं असेल तर तेही ऑफ. तरी नाही आलं तर ब्राउझरमध्ये नेव्हरएसएसएल डॉट कॉम टाका. गुगल किंवा यूट्यूब टाकून उपयोग नाही, त्या साइट एचटीटीपीएसवर, म्हणजे कुलूपबंद कनेक्शनवर चालतात, तिथं मधात घुसून लॉगिन पेज दाखवणं नेटवर्कला नीट जमत नाही, साध्या एचटीटीपीच्या साइटवर जमते.

काम झालं की लॉगआउट करायची सवय लावा. बऱ्याच ठिकाणी एका आयडीवर एक-दोनच डिव्हाइस चालतात, लॅपटॉप रूमवर चालूच राहिला तर लायब्ररीत फोनवर लॉगिन लिमिटचा मेसेज येते.

दुसरा प्रकार कुलूपवाला, कनेक्ट करतानाच आयडेंटिटी, ईएपी मेथड असले आठ-दहा रकाने समोर येतात आणि माणूस घाबरून परत जातो. घाबरू नका. ईएपी मेथडमध्ये बहुतेक ठिकाणी पीईएपी, फेज २ मध्ये एमएससीएचएपीव्ही२, आयडेंटिटीत तुमचा आयडी, खाली पासवर्ड. अ‍ॅनॉनिमस आयडेंटिटी सांगितलं नसेल तर रिकामं ठेवा. राहिला तो सीए सर्टिफिकेटचा, म्हणजे नेटवर्कची ओळख तपासायचा रकाना, आणि खरी भानगड तिथंच आहे.

सीनिअर लोकं सांगतात की तिथं डोन्ट व्हॅलिडेट कर, लगेच लागते. लागते, खरं आहे. पण त्याचा अर्थ असा की समोरचं नेटवर्क खरंच विद्यापीठाचं आहे का, हे तुमचा फोन तपासणारच नाही. कोणी बाजूच्या रूममध्ये त्याच नावाचं खोटं नेटवर्क चालू केलं तर तुमचा फोन इमानदारीनं तिकडं लॉगिन करायला जाईल आणि पासवर्ड त्याच्या हाती लागू शकते. म्हणून अँड्रॉइड ११ पासून बऱ्याच फोनमधून हा पर्यायच काढून टाकला, आणि पोट्टे म्हणतात नवीन फोन खराब आहे. खराब नाही. तिथं युज सिस्टीम सर्टिफिकेट्स निवडा, खाली डोमेनचा रकाना येईल, त्यात काय टाकायचं ते कॉम्प्युटर सेंटरलाच विचारा, अंदाजानं टाकू नका. काही ठिकाणी ते स्वतःची सर्टिफिकेटची फाईल देतात, ती आधी इन्स्टॉल करावी लागते.

नेटवर्कचं नाव एड्युरोम (बऱ्याच विद्यापीठांचं मिळून चालणारं वायफाय) असेल तर ते याच दुसऱ्या प्रकारातलं आहे, फक्त आयडी पूर्ण टाकायचा, अ‍ॅटचं चिन्ह आणि पुढचं डोमेन धरून. भारतात हे अर्नेट इंडिया ही सरकारी संस्था पाहते. याचा फायदा असा की तुमची संस्था त्यात असेल तर सेमिनारला दुसऱ्या एड्युरोमवाल्या कॅम्पसमध्ये गेले तरी तोच आयडी तिथं चालते, पासवर्ड तपासायचं काम तुमच्याच संस्थेचा सर्व्हर करते. सेटिंग मात्र घरच्या कॅम्पसमध्येच करून निघा, तिथं जाऊन कोणाला विचारत बसणार?

सगळं बरोबर टाकलं तरी लागत नसेल तर

तारीख पहा. नागपूरच्या सीताबर्डीतून घेतलेल्या सेकंडहँड लॅपटॉपचा आतला सेल गेलेला असला की तारीख कुठल्या कुठं मागं जाते, आणि तारीख चुकली की सर्टिफिकेट पास होत नाही. पासवर्ड नुकताच बदलला असेल तर फोनमध्ये जुनाच सेव्ह असते, फरगेट नेटवर्क करून नव्यानं जोडा.

ऑब्टेनिंग आयपी अ‍ॅड्रेसवरच अडकून रायलं तर तिथली आयपीची यादी भरलेली असू शकते, साध्या सेटिंगमध्ये एका नेटवर्कला २५४ च पत्ते असतात आणि हॉस्टेलमध्ये फोन त्याहून जास्त. वायफाय बंद करून थोड्या वेळानं लावा. पण कोणी सांगितलं म्हणून मनानं स्टॅटिक आयपी टाकू नका, तो पत्ता आधीच दुसऱ्याकडं असला तर तुमचंही जाते न् त्याचंही जाते.

लाईन, म्हणजे वीज, गेली आणि आली की लगेच बोंबलू नका, नेटवर्कचा स्विच आणि भिंतीवरचा वायफायचा डबा चालू व्हायला काही मिनिटं लागतात, त्यात सगळं हॉस्टेल एकदमच लॉगिन करते. उन्हाळ्यात आणखी एक गंमत, खिडकीत कूलर बसवला की समोरच्या बिल्डिंगवरून येणारा सिग्नल पडते, काहून का लोखंडी बॉडी आणि आतलं पाणी दोन्ही त्याला अडवतात. दाराकडं, व्हरांड्यातल्या डब्याच्या जवळ बसा. डबा दिसत असेल तर ५ गिगाहर्ट्झवालं नेटवर्क घ्या, भिंतीआड असाल तर २.४ वालं, ते स्लो असते पण भिंतीतून जास्त जाते.

आणि आयडी कोणाला देऊ नका, जिगरी असला तरी. त्यानं काही उद्योग केला तर लॉगमध्ये, म्हणजे सिस्टीमच्या नोंदीत, नाव तुमचंच निघते. दुसऱ्याचा पासवर्ड लबाडीनं वापरणं तर आयटी कायद्याच्या कलम ६६सी खाली गुन्हा आहे, ३ वर्षांपर्यंत कैद आणि १ लाखापर्यंत दंड.

तक्रार करायची वेळ आलीच तर "नेट नाही चालून रायलं" एवढंच लिहू नका, त्यावरून तिथल्या माणसाला काहीच समजत नाही. कोणती बिल्डिंग, कोणता मजला, किती वाजता, फोन की लॅपटॉप, त्याचा मॅक अ‍ॅड्रेस आणि स्क्रीनवर आलेल्या एररचा फोटो एवढं द्या, आणि बाजूच्या रूममध्ये लागते की नाही तेही लिहा, काहून का तिथंही लागत नसेल तर फोन नाही, डबा पाहायला माणूस पाठवावा लागते.