न्यू जर्सीत नवीन आलात? घरच्यांचा विमा आधी बघा

बँक खातं, सोशल सिक्युरिटी, लायसन्स हे कुणीही सांगेल. मी आरोग्य विम्याबद्दलच लिहितोय, कारण परवा एडिसनमधल्या एका नवीन जोडप्याने अगदी माझीच चूक केलेली पाहिली.

"विमा नसला तर दंड? ते ओबामाच्या काळात होतं, आता काही नाही," असं आपलेच जुने लोक छातीठोकपणे सांगतात. केंद्राचा दंड 2019 पासून शून्य झाला, हे खरं. पण त्याच वर्षापासून न्यू जर्सीने स्वतःचा दंड लावला. मॅसॅच्युसेट्स, कॅलिफोर्निया, ऱ्होड आयलंड, वॉशिंग्टन डीसी इथेही तो आहे. टेक्सासमधल्या मित्राचं ऐकून इथले निर्णय घेऊ नका.

मी 2019च्या जानेवारीत आलो, बायको मार्चमध्ये. कंपनीचा विमा माझ्यापुरताच घेतला. तिच्यासाठी पुण्याहून काढलेली ट्रॅव्हल पॉलिसी होती, तेवढी पुरेल असं वाटलं. ती पॉलिसी या नियमात धरतच नाहीत! हे कळेपर्यंत तिला कंपनीच्या विम्यात घेण्याची 30 दिवसांची मुदत टळली होती. मग थेट पुढच्या जानेवारीची वाट. ऑक्टोबरमध्ये तिला इमर्जन्सीत न्यावं लागलं, ते बिल आम्ही वर्षभर हप्त्यांनी फेडलं. वर राज्याचा टॅक्स भरताना दंड: मोठ्या माणसामागे वर्षाला किमान 695 डॉलर, किंवा ठरावीक मर्यादेवरच्या घरच्या उत्पन्नाचे अडीच टक्के, जे जास्त असेल ते, विम्याविना गेलेल्या महिन्यांच्या हिशेबाने. आमचे सुमारे चौदाशे गेले. तिच्या पहिल्या भारतवारीसाठी ठेवलेले पैसे होते ते.

म्हणून घरच्यांचं तिकीट निघालं की त्याच दिवशी एचआरला मेल करा: नाव किती दिवसांत घालायचं, कुठले कागद लागतील? उत्तर लेखी घ्या. कंपनीचा विमा परवडत नसेल तर गेट कव्हर्ड एनजे या राज्याच्या आरोग्य विम्याच्या वेबसाइटवर बघा, तिथे अमेरिकेत आल्यापासून 60 दिवस मिळतात. मुलांनाही नियम लागू आहे, त्यांचा किमान दंड निम्मा.

व्हिजिटर व्हिसावर आलेल्या आईवडिलांना हा दंड नाही. त्यांच्यासाठी व्हिजिटर विमा मात्र घ्याच.

वर्ष संपल्यावर येणारा 1095 फॉर्म फेकू नका. रिटर्नसोबत विम्याची माहिती भरताना कुणाचे कुठले महिने कव्हर होते, ते त्यावरूनच बघायचं असतं.