छोट्या अमेरिकी कॉलेजात कोच व्हायचं तर

कोच म्हटलं की शिट्टी, फळा आणि साइडलाइनवरची आरडाओरड डोळ्यांसमोर येते. हजार-दोन हजार विद्यार्थ्यांच्या अमेरिकी कॉलेजात नोकरी धरणाऱ्याने हे चित्र आधी पुसावं. तिथे कोच निम्मा वेळ प्रवेश विभागाचा माणूस असतो, उरलेल्यातला बराचसा सामानसुमान आणि बसगाड्यांचा व्यवस्थापक. खेळ शिकवणं त्यानंतर. (फुटबॉल म्हणजे इथे अर्थातच हेल्मेटवाला अमेरिकी फुटबॉल.)

कॉलेज-खेळ चालवणाऱ्या तिथल्या दोन संघटना म्हणजे एनसीएए आणि एनएआयए. ही कॉलेजं बहुतेक एनसीएएच्या डिव्हिजन थ्री या तिसऱ्या गटात किंवा एनएआयएमध्ये असतात. एनएआयएत खेळासाठी स्कॉलरशिप देता येते, डिव्हिजन थ्रीत नाही. तिथला खेळाडू फी भरून खेळतो आणि छोटं कॉलेज जगतं ते फीवर. म्हणून अध्यक्ष कोचला सामने किती जिंकणार हे विचारतात, पण ऑगस्टमध्ये नवी मुलं किती आणणार हे त्याआधी विचारतात.

पूर्वी एकच माणूस फुटबॉल आणि बास्केटबॉल हे दोन्ही खेळ सांभाळायचा, आपल्याकडचे फिजिकल डायरेक्टर कबड्डीपासून ॲथलेटिक्सपर्यंत सगळं बघतात तसं. लुइझियानातल्या ग्रॅम्बलिंग कॉलेजचे एडी रॉबिन्सन फुटबॉलमधल्या ४०८ विजयांसाठी ओळखले जातात, पण त्यांनी बास्केटबॉलही शिकवलं. नॉर्थ कॅरोलिनातल्या विन्स्टन-सेलम कॉलेजचे क्लॅरेन्स ‘बिग हाउस’ गेन्स दोन्ही संघ बघत होते. पुढे फुटबॉल सोडून बास्केटबॉलमध्ये ८२८ सामने जिंकले. आज हे जमत नाही, कारण कॅलेंडर. फुटबॉलचे दहा सामने नोव्हेंबरच्या मध्यापर्यंत चालतात आणि बास्केटबॉलचा सराव ऑक्टोबरमध्येच सुरू होतो. ऐन ज्या महिन्यात बारावीच्या मुलांच्या मागे लागायचं, त्याच महिन्यात दोन्ही मोसम एकमेकांवर चढतात. मात्र जोडकाम सुटलेलं नाही. मुख्य नोकरी एका खेळाची, वर वेटरूम, शारीरिक शिक्षणाचा एखादा तास किंवा दुसऱ्या खेळाच्या सामन्यांचं घड्याळ आणि तिकीट खिडकी. जाहिरातीत ‘इतर कामे’ असं मोघम लिहिलेलं असेल तर मुलाखतीत ती कोणती, हे विचारून घ्या.

भरतीचं गणित कागदावर मांडून बघा. फुटबॉलचा संघ शंभराचा ठेवायचा तर गळती धरून दरवर्षी पस्तीस-चाळीस नवी मुलं लागतात. त्यासाठी हजारावर नावांची यादी, शेकडो फोन, शाळांच्या फेऱ्या, आणि घरच्यांसकट कॅम्पस बघायला येणारी दीड-दोनशे मुलं. नवखे फोनवर फक्त खेळाबद्दल बोलतात. निर्णय बहुतेकदा आईच्या हातात असतो आणि तिचा प्रश्न असतो, हातात बिल किती येणार? इथे जीभ आवरा. डिव्हिजन थ्रीत आर्थिक मदत ठरवण्यात कोचचा हात असता कामा नये. “एवढे मिळवून देतो” असं म्हणणं नियमभंग ठरतं. मदतीचा अर्ज भरला का, हे मात्र पुन्हा पुन्हा विचारा. १ मे ही बहुतेक कॉलेजांत जागा पक्की करायची तारीख, आणि अर्धवट राहिलेले अर्ज एप्रिलमध्ये उघडे पडतात.

मुलं आणली तरी टिकवावी लागतात, आणि बाकावर बसलेलं मूल दुसऱ्या वर्षी दुसरं कॉलेज शोधतं. मिनेसोटातल्या सेंट जॉन्सचे जॉन गॅग्लियार्डी, फुटबॉलमध्ये ४८९ विजय, कोणालाच संघातून वगळत नसत आणि सरावात टॅकल, म्हणजे समोरच्याला धरून पाडणं, करू देत नसत. आयोवातल्या ग्रिनेल कॉलेजात डेव्हिड आर्सेनो यांनी बास्केटबॉलमध्ये मिनिटभराच्या आतच पाचही खेळाडू एकदम बदलायची पद्धत आणली. लोक त्याला सर्कस म्हणाले. पण पंधरा मुलं रोज खेळतात, म्हणजे पंधरा मुलं टिकतात, हा हिशोब हसण्यावारी नेण्यासारखा नाही.

सहायक कोचचा रविवार व्हिडिओपुढे जातो. प्रतिस्पर्ध्याचे तीन सामने घ्यायचे, आणि प्रत्येक डावाची, म्हणजे एकेका चालीची, एक ओळ: कितवा डाउन (दहा यार्ड पुढे जायच्या चार संधींपैकी कितवी), किती यार्ड बाकी, चेंडू मैदानावरच्या डाव्या खुणेवर की उजव्या, मांडणी कोणती, किती यार्ड मिळाले. दोनशेच्या आसपास ओळी होतात. त्यावरून स्काउट कार्डं, म्हणजे प्रतिस्पर्ध्याच्या डावांची चित्रं, काढायची. जाड मार्करने, एका कार्डावर एकच डाव, दहा फुटांवरून दिसेल असा. सरावात प्रतिस्पर्ध्याची नक्कल करणाऱ्या मुलांपुढे ती धरायची. नवख्याची ठरलेली चूक बचावाच्या कार्डात होते. पुस्तकात बचाव नेहमी वरच्या बाजूला, खाली तोंड करून काढतात. कार्ड तसंच काढलं तर मुलांचा उजवा हात कार्डावर डावीकडे येतो, आणि बुधवारी अख्खा सराव चुकीच्या बाजूने येणाऱ्या हल्ल्याविरुद्ध होतो. शनिवारी मैदानात त्याची किंमत मोजावी लागते. बचावाचं कार्ड म्हणून उलटं फिरवून, बचाव खाली ठेवून काढायचं.

ऑगस्टमध्ये घाई नको. सुरुवातीचे काही दिवस शरीर उन्हाला सरावण्यासाठी असतात: आधी फक्त हेल्मेट, मग खांद्यांचे पॅड, शेवटी पूर्ण पोशाख. उशिरा आलेल्या मुलालाही पहिल्या दिवसापासूनच सुरू करावं लागतं. ‘इतरांबरोबर चालेल’ असं म्हणणारा कोच धोका पत्करत असतो. उष्माघात झालाच तर आधी थंड पाण्याच्या टबात, मग हॉस्पिटलात. टब आधीच भरलेला हवा.

महाराष्ट्रातून एमएस करायला गेलेल्यांसाठी रस्ता ग्रॅज्युएट असिस्टंटचा, म्हणजे शिकता शिकता सहायक कोच व्हायचा: बहुधा दोन वर्षं, फीमध्ये सूट आणि थोडं मानधन. पण अनेक छोट्या कॉलेजांत पदव्युत्तर वर्गच नसतात, म्हणून यादी करताना आधी तेवढं तपासा. एफ-१ व्हिसावर सत्र चालू असताना कॅम्पसवर आठवड्याला २० तासच काम करता येतं, आणि कोचिंगचा आठवडा त्यात मावत नाही. रुजू होण्याआधी तासांचा हिशोब लेखी ठरवून घ्या आणि विदेशी विद्यार्थी कार्यालयाला दाखवा. “जास्तीचे तास हौसेने समजू” हे उत्तर स्वीकारू नका. व्हिसा तुमचा जातो, मुख्य कोचचा नाही.

पुढच्या नोकरीची बोलणी फुटबॉलमध्ये जानेवारीच्या कोच अधिवेशनात होतात, बास्केटबॉलमध्ये एप्रिलच्या सुरुवातीला फायनल फोरच्या, म्हणजे राष्ट्रीय स्पर्धेतल्या शेवटच्या चार संघांच्या सामन्यांच्या, गावी. तिथे जाताना भरतीचे आकडे पाठ ठेवा: किती मुलं आणली, त्यातली दुसऱ्या वर्षी किती परतली.