पावसाचा गुत्तेदार दारात आला तर: ऑगस्टच्या उघडिपीसाठी सल्ला

ऑगस्टात पावसाने ओढ दिली की मराठवाड्यात दोन गोष्टी ठरलेल्या. सोयाबीन दुपारी माना टाकतं आणि मोंढ्यातल्या चहाच्या टपरीवर 'पाऊस पाडून देणारी कंपनी' निघते. मागे एका उघडिपीत असं एक पत्रक माझ्याही हातात पडलं. गुळगुळीत कागद, वर काळेभोर ढग आणि खाली अट: एकरी इतके रुपये, एकवीस दिवसांत पाऊस आला नाही तर पैसे परत. कोणाचं होतं ते जाऊ द्या. ती अट नीट वाचा, सगळी मेख तिच्यातच आहे.

ऑगस्टच्या मध्यापासून एकवीस दिवस मोजले तर अख्खं मघा नक्षत्र आणि पूर्वाची सुरुवात त्यात येते. एवढ्या दिवसांत कुठे ना कुठे सर येणारच. अशा गुत्तेदाराने, म्हणजे पावसाचा ठेका घेणाऱ्याने, दहा गावांत पैसे गोळा केले आणि सहा गावांत पाऊस झाला, तर सहा गावांचे खिशात, चार गावांचे परत. त्याच्या पदरचा एक रुपया जात नाही.

हा धंदा जुना आहे. 1915 च्या डिसेंबरात अमेरिकेतल्या सॅन डिएगो शहराने चार्ल्स हॅटफिल्ड नावाच्या माणसाशी धरण भरून देण्याचा सौदा केला, दहा हजार डॉलरला. जानेवारी 1916 मध्ये असा पाऊस झाला की दुसरंच एक धरण फुटलं आणि माणसं वाहून गेली. हॅटफिल्ड पैसे मागायला गेला तेव्हा शहराने सांगितलं, पाऊस तुझा असेल तर नुकसानही तुझं. पैसे काही मिळाले नाहीत. तुमच्या दारी आलेल्यालाही एवढंच विचारा: माझ्या सोयाबीनसाठी पाडलेला पाऊस शेजाऱ्याच्या तोडणीला आलेल्या मुगावर पडला, शेंगांना कोंब फुटले, तर भरपाई कोण देणार? स्टॅम्प पेपरवर लिहून मागा. बहुतेक वेळा चहा संपायच्या आत माणूस उठतो.

मग कृत्रिम पाऊस हे सगळं थोतांडच का? तसंही नाही. राज्य सरकारने 2015 आणि 2019 साली आपल्याच संभाजीनगरातून, तेव्हाच्या औरंगाबादहून, विमानं उडवून ढगांत मिठाच्या कणांची आणि सिल्व्हर आयोडाइडची फवारणी केली होती. पुण्याच्या उष्णदेशीय हवामान संस्थेने सोलापूरच्या पर्जन्यछायेच्या भागात 2018 आणि 2019 मध्ये केलेल्या प्रयोगात सरासरी 18 टक्क्यांच्या आसपास वाढ दिसली. आता हा आकडा वावरात उतरवून बघा. दहा मिलिमीटरची सर बारा मिलिमीटरच्या जवळ गेली, इतकंच. तेही रडार, विमान आणि पाण्याने भरलेला ढग हाताशी असताना. कोरड्या आभाळातून कोणी थेंब काढत नाही, आणि ढगाला तुमचा गट नंबर कळत नाही. गुत्तेदाराच्या जीपवर ठेवलेल्या धूर सोडणाऱ्या यंत्राने हे होत असेल असं मला तरी वाटत नाही.

याचीच उलटी बाजू म्हणजे 'पवनचक्क्यांनी ढग पळवले' ही तक्रार. बीड-धाराशिवच्या माळावर ती रोज ऐकतो. पात्याचं टोक दोनशे मीटरच्या आसपास फिरतं, पावसाचा ढग त्याच्या बराच वर सुरू होऊन काही किलोमीटर उंच जातो. जमिनीचा मोबदला, रस्ता, खांब यांवर त्या कंपन्यांशी जरूर भांडा. ढगाचं भांडण त्यात घालू नका, खरी तक्रार हलकी होते.

आता पत्रकवाल्याला द्यायचे पैसे कुठे घालायचे ते बघू. एका एकरावर एक मिलिमीटर पाणी म्हणजे साधारण चार हजार लिटर. 25 मिलिमीटरची भिजवण द्यायची तर एकरी एक लाख लिटर लागतं. 30 बाय 30 बाय 3 मीटरच्या शेततळ्यात काठोकाठ भरल्यावर 22 लाख लिटरच्या आसपास मावतं. उन्हाने आणि झिरपून जाणारं धरलं तरी पाच एकर सोयाबीन तुषारने एकदा सहज निघतं. पाणी कमी असेल तर फुलात आणि शेंगा भरण्यात असलेल्या सोयाबीनला आधी द्या. तूर दम धरते. कपाशीला एकाआड एक सरी भिजवली तरी चालतं.

विहीरही आटली असेल तर कोळपं काढा. जुनी माणसं एका कोळपणीला अर्धं ओलित म्हणत, ते उगाच नाही. काळ्या रानाला भेगा पडायला लागल्या की खोलवरची ओल त्यांतून उडते, वरचा थर मोकळा झाला की भेगा बुजतात. पण हे कपाशी आणि तुरीत. सोयाबीन फुलावर आलं असेल तर कोळपं आत घालू नका, मुळ्या तुटतात आणि फूल गळतं. तिथे 13:00:45 (पोटॅशियम नायट्रेट) खत दहा लिटर पाण्याला 100 ग्रॅम घेऊन सकाळी किंवा ऊन उतरल्यावर फवारा. आखाड्यावर सोयाबीनचं जुनं भुसकट पडलं असेल तर ते जाळण्यापेक्षा मोसंबीच्या आळ्यात पसरा.

अंदाज फुकट मिळतो. परभणीच्या कृषी विद्यापीठाचा हवामान सल्ला दर मंगळवारी आणि शुक्रवारी येतो, 'मेघदूत' अॅपवर तुमच्या जिल्ह्याचा मराठीत वाचता येतो. पाच दिवसांत पाऊस दिसत असेल तर भिजवण थांबवा. दिसत नसेल तर लोड शेडिंगचं वेळापत्रक बघून आजच पाइप जोडा.

आणि पाऊस स्वतः मोजा. सरळ कडांचा पत्र्याचा डबा झाडापासून, छपरापासून लांब, धुऱ्यावरच्या दगडांत घट्ट बसवा. रोज सकाळी साडेआठला त्यात पट्टी उभी बुडवा, ओल जेवढे मिलिमीटर चढली तेवढा पाऊस. आकडा तारखेसह वहीत टिपा आणि पाणी ओतून टाका. गुत्तेदार 'आम्ही पाडला' म्हणत वसुलीला आला, तर वही पुढे करा आणि शेजारच्या ज्या गावाने पैसे दिले नाहीत, तिथल्या डब्यात त्या दिवशी किती होता तेही विचारून ठेवा.